दुसऱ्याच्या नावाने फिरणारी खार

कॉलेजच्या कँटीनमागे एक खार सामोशाचा तुकडा पुढच्या दोन पायांत धरून कुरतडतेय. कुणीतरी पटकन मोबाइल काढतं, पंधरा सेकंदांचं रील तयार होतं आणि खाली पहिली कमेंट पडते, ‘ऑ, सो क्यूट चिपमंक!’ मग दुसरी, मग तिसरी. पाठीवर पट्टे आहेत, शेपूट झुपकेदार आहे, म्हणजे चिपमंकच की! एखादा शहाणा लिहितो, ‘अरे, खार आहे ती.’ त्याला उत्तर मिळतं, ‘सेम थिंग, भाऊ.’ विषय संपला.

खरं तर विषय तिथे सुरू व्हायला हवा. कारण आपल्या देशात रानात राहणारा चिपमंक नाहीच. एकही नाही. कँटीनमागची ती खार म्हणजे शंभर टक्के आपली खारूताई. पण गंमत इथेच संपत नाही. आपण खारीला चुकून ज्याचं नाव दिलं, त्या चिपमंकचं तरी ते स्वतःचं नाव आहे का? तर नाही. तेही त्याला चुकूनच चिकटलंय. कुणाचं होतं ते नाव? आणि ज्यांच्याकडून आलं त्यांचं पुढे काय झालं? हा शोध घ्यायला गेलं की कार्टूनपासून सुरू झालेली गोष्ट भलत्याच ठिकाणी जाऊन पोचते.

आधी ओळख परेड

चिपमंक खारींच्याच कुळातला, पण दूरचा नातेवाईक. त्याच्या साधारण पंचवीस जाती आहेत आणि एक सोडली तर बाकी सगळ्या उत्तर अमेरिकेत राहतात. उरलेली एक सैबेरियापासून कोरिया, उत्तर चीन आणि जपानच्या होक्काइदो बेटापर्यंत सापडते. अमेरिका आणि कॅनडाच्या पूर्व भागात जो दिसतो, त्याचं वजन शंभर ग्रॅमच्या आसपास. म्हणजे तुमच्या हातातल्या मोबाइलपेक्षाही कमी.

आपली खार आणि तो, यांच्यात फरक कसा करायचा? सोप्पं आहे. चेहरा बघा. चिपमंकच्या पाठीवर तर पट्टे असतातच, पण गालांवरही असतात, डोळ्याच्या वर आणि खाली. आपल्या खारीचे पट्टे पाठीवरच थांबतात. दुसरं म्हणजे घर. आपली खार झाडावर, वळचणीला किंवा बाल्कनीतल्या कुंडीमागे कापूस-काथ्या गोळा करून घरटं बांधते. चिपमंक जमिनीत बीळ खणतो. ते साडेतीन मीटरहूनही लांब असू शकतं, आत साठ्याच्या खोल्या असतात. तिसरी खूण म्हणजे गाल. चिपमंकच्या गालांत आतून पिशव्या असतात. त्यात बिया कोंबून तो घरी नेतो आणि त्या वेळी त्याचं तोंड अक्कलदाढ काढून आलेल्या मित्रासारखं दिसतं.

हा साठा कशासाठी? हिवाळ्यासाठी. बाहेर बर्फ पडायला लागला की पूर्वेकडचा चिपमंक बिळात जाऊन पडतो. शरीराचं तापमान उतरतं, हृदयाचे ठोके मंदावतात. पण सलग झोप नाही. दर काही दिवसांनी उठायचं, उशाशी ठेवलेलं थोडं खायचं आणि परत झोपायचं. सेमिस्टर संपल्यावर हॉस्टेलच्या खोलीत हा प्रकार आपण सगळ्यांनी पाहिलाय.

शास्त्रज्ञांनी त्याला नाव दिलं तेही या सवयीवरूनच. ‘टॅमिअस’. हा ग्रीक शब्द, अर्थ कोठारावरचा माणूस, खजिनदार. एखाद्या मंडळाच्या खजिनदाराला हे सांगून बघा, खूश होईल.

चिप कुठून आलं, मंक कुठून?

आता मुख्य प्रश्न. इंग्रजीत ‘चिप’ म्हणजे तुकडा आणि ‘माँक’ म्हणजे साधू. मग चिपमंक म्हणजे काय, लाकडाच्या ढलप्यांवर बसलेला बैरागी? आपल्याला हसू येतं, पण इंग्रजी बोलणाऱ्यांनीसुद्धा या नावात असलंच काहीतरी ऐकलं. काहींना त्यात त्याचा आवाज ऐकू आला. हा प्राणी खरोखरच ‘चिप चिप चिप’ असा ओरडतो. जमिनीवरून मांजर किंवा कोल्हा येताना दिसला तर हा ‘चिप’. आकाशात ससाणा दिसला तर आवाज बदलून खालच्या पट्टीत ‘चक, चक’. म्हणजे धोका वरून येतोय की खालून, हे बाकीच्यांना आवाजावरूनच कळतं. त्यामुळे आवाजावरून नाव पडलं असेल, असं वाटणं साहजिक होतं. १८४० च्या दशकात जॉन जेम्स ऑड्युबॉनने उत्तर अमेरिकेतल्या प्राण्यांचा चित्रमय ग्रंथ काढला, त्यात याचं नाव ‘चिपिंग स्क्विरल’ असंच दिलंय.

पण त्याच्याही थोडं मागे गेलं की वेगळंच रूप हाती लागतं. १८३० च्या दशकात कॅनडाच्या जंगलात घर करायला आलेल्या इंग्रजांच्या लिखाणात हा प्राणी ‘चिटमंक’ आहे. ‘चिप’ नाही, ‘चिट’. आणि हा ‘चिट’ आला कुठून, तर तिथे आधीपासून राहणाऱ्या लोकांच्या तोंडून.

अमेरिका आणि कॅनडाच्या सीमेवर पाच प्रचंड सरोवरं आहेत. त्यांच्या काठांवर ओजिब्वे, ओडावा हे मूळनिवासी समाज शेकडो वर्षं राहत आलेत. कॅनडाची राजधानी ओटावा, तिच्या नावात हेच ओडावा लोक आहेत. दोघांच्या भाषा एकमेकींना इतक्या जवळच्या की त्यांना मिळून ‘अनिशिनाबेमोविन’ म्हणतात. या भाषेच्या ओडावा बोलीत एक शब्द आहे, ‘जिदमून्ह’. ओजिब्वेत त्याचंच रूप ‘अजिदमू’.

आता इंग्रज वसाहतवाल्याच्या कानाने ऐका. जिदमून्ह… चिदमुन… चिटमंक. शेवटचा तो नाकातून काढलेला उच्चार त्याला जमेना, म्हणून त्याने तिथे ओळखीचा ‘मंक’ बसवला. समोर प्राणी ‘चिप चिप’ करतच होता, मग ‘चिट’चं ‘चिप’ व्हायला कितीसा वेळ लागणार? मधल्या काळात ‘चिपमक’, ‘चिपमिंक’ अशीही रूपं छापली गेली आणि शेवटी ‘चिपमंक’ टिकलं.

परका शब्द ऐकायचा, तो जिभेवर बसत नाही म्हणून आपल्या ओळखीच्या तुकड्यांत मोडायचा आणि मग तो कायम असाच होता असं समजायचं. याला लोकव्युत्पत्ती म्हणतात. आपणही हे सर्रास केलंय. फौजेतल्या ‘रिक्रूट’चा आपण ‘रंगरूट’ केला. त्यात ना रंग ना रूट, पण कानाला कसं घरचं वाटतं!

चिप, डेल आणि ऑल्विन

एकदा ‘चिपमंक’ पक्कं झाल्यावर मात्र त्या नावावर जगाने भरपूर मजा केली. डिस्नेची ती खोडकर जोडी पहिल्यांदा पडद्यावर आली १९४३ मध्ये, तेव्हा त्यांना नावंच नव्हती. १९४७ मध्ये बारसं झालं, चिप आणि डेल. ही कोटी होती अठराव्या शतकातल्या थॉमस चिपेनडेल या इंग्रज फर्निचरवाल्याच्या आडनावावर. चिपमंकमधला ‘चिप’ आणि चिपेनडेलमधला उरलेला ‘डेल’.

मग १९५८ मध्ये रॉस बॅग्डासेरियन नावाच्या संगीतकाराने टेपरेकॉर्डरशी खेळ केला. गाणं संथ आवाजात रेकॉर्ड करायचं आणि वेगात वाजवायचं. आवाज चिरका, गोड आणि भलताच खट्याळ झाला. त्यातून ऑल्विन, सायमन आणि थिओडोर हे तीन गाणारे चिपमंक जन्मले. नावं त्याने आपल्या रेकॉर्ड कंपनीतल्या मोठ्या लोकांवरून ठेवली. त्यांच्या नाताळच्या गाण्याने पहिल्याच वर्षीच्या ग्रॅमी सोहळ्यात तीन पुरस्कार पटकावले. आज रीलवर आवाज फास्ट करून ‘चिपमंक इफेक्ट’ लावतो ना आपण, त्याचं मूळ तिथे आहे. नाताळात खरे चिपमंक बिळात गुडूप झोपलेले असतात, ही गोष्ट वेगळी.

म्हणजे नाव हॉलीवूडपर्यंत पोचलं, मोबाइलच्या फिल्टरमध्येही आलं. फक्त ते ज्याचं होतं, तो राहून गेला.

तो मी नव्हेच!

कारण ‘अजिदमू’ म्हणजे चिपमंक नव्हेच. ‘अजिदमू’ म्हणजे तिथली लाल खार. झाडावर राहणारी, पाठीवर पट्टे नसलेली, तांबूस रंगाची. कोशकार सांगतात की या शब्दाचा मूळ अर्थ ‘डोकं खाली करून झाडावरून उतरणारा’ असा आहे.

हा अर्थ कळला तेव्हा मी पुढच्या खेपेला खार दिसल्यावर मुद्दाम थांबून पाहिलं. मांजर झाडावर सरसर चढतं, पण उतरताना पंचाईत होते. बिचारं शेपटाकडून घसरत येतं. खार मात्र डोकं खाली, शेपूट वर, अशी तुरुतुरु उतरते. हे तिला जमतं कारण तिच्या मागच्या पायांचे घोटे जवळजवळ उलटे फिरतात, त्यामुळे उतरतानाही नख्या वरच्या बाजूला सालीत रुतून राहतात. ज्या माणसांनी ‘अजिदमू’ हा शब्द घडवला, त्यांनी हे नुसत्या डोळ्यांनी टिपलं आणि नावातच ठेवून दिलं. एका शब्दात झूलॉजीचं अख्खं प्रॅक्टिकल!

आणि चिपमंक? त्यालाही त्या भाषेत स्वतःचं नाव होतंच, आजही आहे. ‘अगोंगोस’. दोन प्राणी, दोन नावं, काही गोंधळ नाही. गोंधळ झाला तो ऐकणाऱ्याचा. असं समजा की एखाद्या परदेशी पाहुण्याने आपल्याकडे मुंगसाकडे बोट दाखवून ‘हे काय?’ विचारलं, तेवढ्यात कुणीतरी झाडावरची खार बघून ‘खार!’ म्हणालं, आणि पाहुण्याने वहीत मुंगसाचं नाव ‘खार’ असं लिहून घेतलं. पुढे तीच वही छापली गेली, शाळांत शिकवली गेली, तिच्यावर कार्टून निघालं. नेमका कुठल्या क्षणी घोटाळा झाला याची नोंद कुणी ठेवली नाही, पण परिणाम हा असा.

१८५५ मध्ये लाँगफेलो या अमेरिकन कवीने ‘द साँग ऑफ हायावाथा’ हे दीर्घकाव्य लिहिलं. त्यात नायकाला मदत करणारी एक खार आहे आणि तिथे ती आपल्या मूळ नावानेच येते, ‘अजिदॉमो’. म्हणजे मूळ शब्द कुणाचा, हे इंग्रजीत कविता वाचणाऱ्यांनाही ठाऊक होऊ शकत होतं. पण तोवर ‘चिपमंक’ने आपलं बस्तान बसवलं होतं.

मुंगूस, घूस आणि मंडळी

चिपमंक या बाबतीत एकटा नाही. ‘वुडचक’ हा तिथलाच आणखी एक बिळात राहणारा जाडजूड प्राणी. नावावरून वाटतं की लाकडाशी काहीतरी संबंध असणार. काडीचाही नाही. तोसुद्धा मूळनिवाशांच्या शब्दाचा मोडून केलेला इंग्रजी अवतार, आणि कोशांच्या मते तो शब्द मुळात ‘फिशर’ नावाच्या दुसऱ्याच प्राण्याचा. ‘रॅकून’ मात्र नशीबवान. त्याचं नाव त्याचंच राहिलं आणि त्याचा अर्थ साधारण ‘हातांनी खरवडणारा’ असा आहे.

आता जरा घरी या. ‘बँडिकूट’ हा शब्द तेलुगूतल्या ‘पंदिकोक्कु’वरून आला, म्हणजे डुकरासारखा उंदीर. आपली घूस! पण आज इंटरनेटवर ‘बँडिकूट’ शोधलंत तर लांब नाकाचा, पोटाला पिशवी असलेला ऑस्ट्रेलियातला प्राणी समोर येतो. त्याचा घुशीशी काडीचा संबंध नाही. तिथे गेलेल्या इंग्रजांनी हिंदुस्थानात ऐकलेलं नाव खिशातून काढलं आणि दिसेल त्याला चिकटवून टाकलं. व्हिडिओ गेममधला क्रॅश बँडिकूट हा अशा रीतीने एका तेलुगू घुशीचं नाव घेऊन उड्या मारतोय.

आणि ‘मंगूज’? तो तर आपला मुंगूस. इंग्रजी कोशांत या शब्दापुढे सरळ लिहिलेलं असतं, मूळ मराठी. (कन्नड-तेलुगूतही त्याची भावंडं आहेत, तो भाग निराळा.) सतराव्या शतकाच्या अखेरीस तो इंग्रजीत शिरला आणि इंग्रजी कानाला त्याच्या शेपटीत ‘गूज’, म्हणजे हंसासारखा पक्षी, ऐकू आला. म्हणून स्पेलिंगही तसंच झालं. स्पर्धा परीक्षेत ‘मंगूज’चं अनेकवचन विचारतात तेव्हा ‘गूज’चं ‘गीज’ होतं म्हणून ‘मंगीज’ लिहून लोक मार्क घालवतात. उत्तर ‘मंगूजेस’. कारण त्यात पक्षी नाहीच, कोकणातल्या कुंपणावरून पळणारं एक मराठी मुंगूस आहे. निदान मुंगसाच्या बाबतीत नाव योग्य प्राण्याला मिळालं आणि ते कुठून आलं हेही लिहून ठेवलं गेलं. ‘अजिदमू’ला तेवढंही नशीब लाभलं नाही.

शब्द घेतला, भाषा मारली

इथवर सगळी गंमत होती. पुढचा भाग तसा नाही.

इंग्रजी बोलणारे लोक ‘चिपमंक’ म्हणत होते, पोरांना त्याच्या गोष्टी सांगत होते, त्याच काळात ज्यांच्याकडून हा शब्द आला त्यांच्या मुलांना त्यांचीच भाषा बोलायला बंदी होती. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून कॅनडात मूळनिवाशांच्या मुलांसाठी सरकारी पैशांवर, बहुतेक चर्चच्या हाताखाली निवासी शाळा चालवल्या गेल्या. अमेरिकेतही तशाच बोर्डिंग शाळा होत्या. मुलांना घरापासून तोडून तिथे ठेवायचं, केस कापायचे, नाव बदलायचं. आपल्या भाषेत बोलताना कुणी सापडलं तर शिक्षा. कॅनडात अशा शाळांतून सुमारे दीड लाख मुलं गेली. हजारो परत आली नाहीत. शेवटच्या शाळा बंद झाल्या त्या १९९० च्या दशकात, म्हणजे आपल्यातल्या अनेकांच्या मोठ्या भावंडांच्या जन्माच्या सुमारास. २००८ मध्ये कॅनडाच्या पंतप्रधानांनी संसदेत उभं राहून माफी मागितली.

शाळेतून बाहेर पडलेली ती मुलं आई-बाप झाली तेव्हा अनेकांनी आपल्या लेकरांना ती भाषा शिकवलीच नाही. मार खाल्लेली भाषा पोराच्या तोंडी कोण देईल? अशी एक पिढी गेली की आजी बोलते, आईला कळतं, नातवाला काहीच नाही, अशी अवस्था होते. इंग्रजी कोशात ‘चिपमंक’ सुखरूप राहिला, पण ‘अगोंगोस’ म्हणणारी तोंडं कमी होत गेली.

पण गोष्ट इथेही थांबली नाही, कारण तिथल्या आपल्याच वयाच्या मुलांनी ती थांबू दिली नाही. मिनेसोटा विद्यापीठात ‘ओजिब्वे पीपल्स डिक्शनरी’ नावाचा ऑनलाइन कोश तयार झालाय. त्यात शब्दावर क्लिक केलं की तो शब्द समाजातल्या एखाद्या आजी-आजोबांच्या आवाजात ऐकू येतो. लहान मुलांसाठी सगळे विषय ओजिब्वेतून शिकवणाऱ्या शाळा सुरू झाल्यात. आणि २०२४ मध्ये ‘स्टार वॉर्स’चा १९७७ सालचा पहिला सिनेमा अनिशिनाबेमोविनमध्ये डब होऊन पडद्यावर आला. डार्थ व्हेडर आजीच्या भाषेत बोलताना ऐकून त्या पोरांना काय वाटलं असेल, याची कल्पना आपण करू शकतो.

तर, कमेंटमध्ये काय लिहायचं?

पट्टे कुठून आले याची गोष्ट त्यांच्याकडेही आहे. सरोवरांच्या पूर्वेकडच्या इरोक्वाय लोकांमध्ये सांगतात की चिपमंकने गर्विष्ठ अस्वलाची फार चेष्टा केली. अस्वलाने पंजाखाली धरलं, हा कसाबसा निसटला, पण जाता जाता नख्यांचे ओरखडे पाठीवर उमटले. आपल्याकडच्या खारीने सेतू बांधताना वाळूचे कण वाहिले आणि रामाने पाठीवरून बोटं फिरवली, ती गोष्ट सगळ्यांना पाठ आहे. ‘खारीचा वाटा’ तिथूनच आला. तिकडे ओरखडा, इकडे कुरवाळणं. एकसारख्या दिसणाऱ्या पाठींवर दोन निरनिराळ्या गोष्टी लिहिलेल्या आहेत. दोघांना ‘सेम थिंग’ म्हटलं की दोन्ही पुसल्या जातात.

आपल्या खारीचीही नावं कमी नाहीत. घाटावर खार, बाळांशी बोलताना खारूताई, कोकणात आणि गोव्यात चानी. भीमाशंकरच्या जंगलातली मोठी, झुपकेदार शेपटीची ती शेकरू, आपला राज्यप्राणी. तुमच्या आजोळी आणखी एखादं नाव असेल. आज घरी फोन केलात तर विचारून बघा. आजीला उत्तर येत असेल, आईला बहुधा आठवावं लागेल.

आणि पुढच्या वेळी कँटीनमागचं ते रील समोर आलं की बघा, ती झाडावरून डोकं खाली करून उतरतेय का. उतरत असेल तर खाली कमेंट टाका, ‘अजिदमू’. कुणीतरी विचारेलच, ‘हे काय नवीन?’ मग सांगा.